रजिस्टर पत्र आले तर आधी ते फोडा



एरवी या सदरात मी खताच्या मात्रा, बीजप्रक्रिया नाहीतर फवारणीच्या वेळा सांगत असतो. आज पिकाविषयी नाही, एका कागदाविषयी लिहिणार आहे. मी शेतीचा पदवीधर, वकील नव्हे. पण तीस वर्षे सोलापूर जिल्ह्यातली गावे पायाखाली घातल्यावर एक गोष्ट ध्यानात आली आहे. घाटेअळीने जेवढी रानं गेली नसतील, तेवढी न फोडलेल्या पाकिटांनी गेली.

दीड वर्षापूर्वीची गोष्ट. सांगोला तालुक्यातल्या एका वस्तीवर मक्यावरची लष्करी अळी पाहायला गेलो होतो. पूर्वी तिथे साडेतीन एकर डाळिंब होते. २०२१-२२ च्या सुमारास त्या पट्ट्यात पिन होल बोररने झाडे आतून पोखरली, वरून मर लागली, आणि लोकांनी बागा एकामागून एक उपटून सरपणाला लावल्या. ही बागही त्यांतलीच. बाग गेली, पण बागेसाठी, ठिबकसाठी आणि शेततळ्याच्या कागदासाठी एका नागरी सहकारी बँकेकडून काढलेले कर्ज मागे राहिले. तारण म्हणून ते साडेतीन एकर, गावातले राहते घर आणि रस्त्याकडेचा बिनशेती केलेला दोन गुंठ्यांचा तुकडा लिहून दिलेला होता.

चहा घेताना घरातल्या वहिनी आतून पत्र्याची पेटी घेऊन आल्या. म्हणाल्या, “साहेब, ह्ये काय हाय बघा की. ह्यांनी फोडूच दिलं न्हाई.” पेटीत दोन रजिस्टर पाकिटे होती. पोस्टाचा शिक्का पाहिला, पाकीट फोडून आतली तारीख पाहिली आणि बोटांवर दिवस मोजले. बावन्न झाले होते. घरधनी खाली मान घालून बसले होते. “फोडलं म्हंजी आपल्याला कळलं असं हुईल, म्हून ठेवलं तसंच,” म्हणाले.

हा समज गावोगाव आहे. पत्र घेतले नाही, सही केली नाही, पाकीट फोडले नाही, म्हणजे नोटीस लागलीच नाही! बंधूंनो, तसे नसते. नोंदवलेल्या पत्त्यावर पाठवलेले रजिस्टर पत्र ‘घेण्यास नकार’ असा शेरा पडून परत गेले, तरी ते तुम्हाला मिळाले असेच साधारणपणे धरले जाते. आणि त्या पत्रातच तुमचे साठ दिवस सुरू झालेले असतात.

हे साठ दिवस कसले, ते सांगतो. २००२ साली संसदेने एक कायदा केला. त्याचे नाव लांबलचक आहे, सगळेजण त्याला सरफेसी कायदा म्हणतात. पूर्वी बँकेला तारण विकायचे तर दिवाणी न्यायालयात दावा लावून हुकूमनामा आणावा लागे, आणि त्यात वर्षे जात. या कायद्याने बँकेला न्यायालयात न जाता तारणाचा ताबा घेण्याचा आणि ते विकण्याचा अधिकार दिला. खाते थकीत ठरले की कलम १३ (२) खाली साठ दिवसांची नोटीस द्यायची. साठ दिवसांत पैसे आले नाहीत तर कलम १३ (४) खाली ताबा.

सहकारी बँकेला हा कायदा लागू होतो की नाही, यावर वाद होता. तो वाद आपल्याच मुलखातला आहे. कागल तालुक्यातल्या मुरगूडच्या विश्वासराव पाटील सहकारी बँकेचे एक प्रकरण थेट सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठापुढे गेले. सहकार हा राज्याचा विषय, मग संसदेचा कायदा सहकारी बँकेला कसा लागू, असा कर्जदाराच्या बाजूने मुद्दा होता. ५ मे २०२० रोजी निकाल लागला की सहकारी बँक हीही बँकच आहे, आणि तिला सरफेसीची वाट मोकळी आहे. त्यामुळे “ही आपली गावची बँक, अध्यक्ष ओळखीचे, ही काय जप्ती आणणार,” या भरवशावर कोणी राहू नये. पतसंस्था आणि विकास सोसायटी यांची गोष्ट निराळी. त्या बँका नव्हेत, त्यांची वसुली सहकार कायद्याच्या कलम १०१ ने होते. त्याकडे पुढे येतो.

तर त्या वस्तीवर आठ दिवस उरले होते.

कायद्यात कर्जदारासाठी एक खिडकी ठेवलेली आहे आणि ती बहुतेकांना ठाऊक नसते. साठ दिवसांच्या नोटिशीला तुम्ही लेखी हरकत घेऊ शकता. बँकेने ती वाचली पाहिजे, आणि मान्य नसेल तर का मान्य नाही, ते पंधरा दिवसांच्या आत कारणांसह लेखी कळवले पाहिजे. ही खिडकी मूळ कायद्यात नव्हती. ८ एप्रिल २००४ रोजी मार्डिया केमिकल्स या कंपनीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने कायदा कायम ठेवला, पण बँकेने कर्जदाराचे म्हणणे विचारात घेतलेच पाहिजे असे सांगितले. शिवाय दाद मागायची तर आधी मागणीच्या ७५ टक्के रक्कम भरा, ही जी अट होती, ती अन्यायाची म्हणून काढून टाकली. विचार करा, ज्याच्याजवळ ७५ टक्के रक्कम असती तो नोटिशीपर्यंत आला असता कशाला? खटला एका बड्या कंपनीचा, पण त्याचा उपयोग आज पाच एकरवाल्यालाही होतो.

आम्ही त्या रात्री हरकत लिहिली. घरधनी सांगत होते, बारावीतली मुलगी लिहीत होती आणि मी मध्ये मध्ये कागद मागत होतो. पीकविम्याची रक्कम खात्यात जमा झाली होती, ती नोटिशीतल्या हिशेबात दिसत नव्हती. म्हणून कर्ज घेतल्या दिवसापासूनचा खातेउतारा मागितला. बाग रोगाने गेल्याचे पंचनाम्याचे कागद जोडले, हप्ते वाढवून मागितले. आणि सगळ्यांत महत्त्वाचे लिहिले ते असे, की साडेतीन एकर ही शेतजमीन आहे, ती आम्ही कसतो, आणि सरफेसी कायद्याच्या कलम ३१ प्रमाणे शेतजमिनीला हा कायदा लागू नाही. दुसऱ्या दिवशी सांगोल्याच्या पोस्टातून पोचपावतीसह रजिस्टर केले. हरकत तोंडी देऊ नका. मॅनेजरच्या केबिनमध्ये दिलेली हरकत हवेत विरते.

आता हे कलम ३१ नीट समजून घ्या, कारण आपल्यासाठी कायद्याचा गाभा हाच आहे. शेतजमिनीवर निर्माण केलेल्या तारणाला सरफेसी लागू होत नाही. थकबाकी एक लाखाच्या आत असेल तरीही नाही. मुद्दल आणि व्याज मिळून २० टक्क्यांपेक्षा कमी बाकी उरली असेल तरीही नाही. बँकेने गहाणखतात शेतजमीन लिहून घेतली असली, तुम्ही त्यावर सही केली असली, तरी या कायद्याच्या जोरावर तिचा ताबा घेता येत नाही.

पण शेतजमीन म्हणजे काय? सातबारावर ‘जिरायत’ असे लिहिले की झाले काय? नाही. २०१८ साली दक्षिण गोव्यातल्या समुद्रकाठच्या एका बड्या हॉटेलाचे प्रकरण सर्वोच्च न्यायालयात निकाली निघाले. शेकडो कोटींचे हॉटेल. लिलाव झाल्यावर मालक कंपनी म्हणाली की तारणातली काही जमीन महसूल दप्तरी शेतीची आहे, सबब लिलाव रद्द करा. न्यायालयाने ते मानले नाही. हे कलम शेतीवर जगणाऱ्याचे पोट वाचवण्यासाठी आहे, हॉटेलच्या हिरवळीसाठी नाही, असा त्या निकालाचा अर्थ. त्याच वर्षी दुसऱ्या एका निकालात न्यायालयाने सांगितले, की जमीन खरोखर शेतीची आहे का, हे पुरावा पाहून ठरवायचे. आणि जानेवारी २०२३ मध्ये आणखी स्पष्ट केले, की जमीन शेतीची आहे आणि तिथे शेती होते, हे सिद्ध करण्याची जबाबदारी कर्जदाराची.

इथे माझे खाते आणि न्यायालय एकत्र येतात. तुमच्या रानात ज्वारी उभी आहे हे तुम्हाला दिसते, मला दिसते. पुण्याला बसलेल्या न्यायाधिकाऱ्याला कसे दिसणार? त्यांना दिसतो सातबारा. ऑगस्ट २०२१ पासून ई-पीक पाहणी आपली आपण मोबाइलवर नोंदवायची पद्धत राज्यभर आली. कितीजण ती वेळेवर करतात? मी गावात विचारतो तेव्हा चारांतले दोघे म्हणतात, “विम्याच्या टायमाला करतो.” नाही केली की पिकाचा रकाना कोरा जातो नाहीतर पड लागते, आणि सलग दोन-तीन वर्षे पड लागलेला सातबारा घेऊन तुम्ही ‘मी शेती करतो’ म्हणून उभे राहिलात, तर बँकेच्या वकिलाला आयते कोलीत मिळते. खताच्या, बियाण्याच्या पावत्या, आडतीच्या पट्ट्या, कारखान्याची ऊसबिले, वीजबिल, पीकविम्याची पावती, हे सारे एका पिशवीत घाला. वहिनींच्या पेटीत, सुदैवाने, मोडनिंबच्या आडत्याच्या सात वर्षांच्या पट्ट्या निघाल्या. साडेतीन एकरांचे काम त्यांनी केले.

घराला मात्र हे संरक्षण नाही. रस्त्याकडेच्या बिनशेती तुकड्याला तर नाहीच. बेदाण्याची शेड, शीतगृह, पेट्रोलपंप यांसाठी ज्यांनी जमीन बिनशेती केली, त्यांनी ती शेतजमीन राहिली नाही हे आधीच मनाशी धरावे.

बँकेचे उत्तर तेराव्या दिवशी आले. तीन ओळींचे. ‘आपली हरकत मान्य करता येत नाही.’ महिन्याभराने घराच्या दारावर ताबा नोटीस चिकटली आणि वर्तमानपत्रात तीच छापून आली. सात दिवसांच्या आत दोन वर्तमानपत्रांत, त्यांतले एक स्थानिक भाषेतले, अशी ती छापावी लागते. गावात बोभाटा झाला. घरधनी चार दिवस पारावर गेले नाहीत. मला तो माणूस बरा ठाऊक आहे. कोणाचे फुकट एक पोते घेणारा नव्हे.

माणसे खचतात ती इथे, आणि चुकतात तीही इथेच. दारावर कागद चिकटला म्हणजे घर गेले असे नाही. तो बहुधा कागदोपत्री ताबा असतो, तुम्ही घरातच असता. प्रत्यक्ष बाहेर काढायचे तर बँक कलम १४ खाली जिल्हाधिकाऱ्यांकडे, म्हणजे जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडे, अर्ज करते. त्यांच्या आदेशाने महसूलची माणसे आणि पोलीस येतात. त्यांच्या हातापाया पडून उपयोग नसतो, कारण तुमचे खरे-खोटे ठरवण्याचा अधिकार त्यांना त्या वेळी नसतो. तो अधिकार कर्ज वसुली न्यायाधिकरणाला असतो. सोलापूर जिल्ह्यासाठी ते पुण्याला आहे. ताबा नोटिशीपासून पंचेचाळीस दिवसांच्या आत तिथे कलम १७ खाली अर्ज करायचा. साठ दिवसांची पहिली नोटीस आली म्हणून तिथे जाता येत नाही. बँकेने १३ (४) खाली पाऊल उचलल्यावरच ते दार उघडते.

मोहोळ तालुक्यातल्या एका बागायतदाराने काय केले ते ऐका. एका वकिलाच्या सांगण्यावरून त्याने तालुक्याच्या दिवाणी न्यायालयात मनाईचा दावा लावला. फी भरली, तारखा पडल्या. शेवटी न्यायालयाने सांगितले, कलम ३४ प्रमाणे आम्हाला या प्रकरणात हात घालता येत नाही. तोवर पंचेचाळीस दिवस कधीच उलटून गेले होते. त्यात वकिलाचा डाव होता की अज्ञान, मला ठाऊक नाही. पण तुम्ही तरी वकिलाला पहिल्याच भेटीत विचारा, “साहेब, हे काम पुण्याचे की इथले?” आणि उत्तर ऐकून घ्या.

उच्च न्यायालयात जावे, असेही काहीजण सुचवतात. १८ ऑगस्ट २०२५ पासून मुंबई उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच कोल्हापूरला सुरू झाले आहे आणि आपला जिल्हा त्यात येतो. मुंबईच्या खेपा वाचल्या, ही मोठी सोय झाली. पण सर्वोच्च न्यायालयाने २०१० पासून पुनःपुन्हा बजावले आहे, की न्यायाधिकरणाची वाट मोकळी असताना उच्च न्यायालयांनी अशा प्रकरणांत सहसा पडू नये. म्हणून ती वाट अपवादाची समजा.

न्यायाधिकरणात खर्च किती? अर्जाची फी थकबाकीवर असते. दहा लाखांच्या आत दर लाखामागे पाचशे रुपये. त्यावर असेल तर पाच हजार आणि वरच्या प्रत्येक लाखाला अडीचशे. या कुटुंबाची मागणी सोळा लाख ऐंशी हजारांची होती, फी सहा हजार सातशे पन्नास पडली. वकिलाचे वेगळे. मात्र विधी सेवा प्राधिकरणाच्या १९८७ च्या कायद्याने बाईमाणसाला, मग तिचे उत्पन्न काहीही असो, मोफत वकील मागता येतो. पूर, दुष्काळ अशा आपत्तीत सापडलेल्यालाही मागता येतो. सप्टेंबर २०२५ मध्ये सीनाकाठची गावे पाण्यात गेली, तिथल्या मंडळींनी हे विसरू नये. अर्ज सोलापूरला जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या कार्यालयात, किंवा तालुक्याच्या विधी सेवा समितीकडे करायचा. आपल्याकडे कर्जाच्या कागदावर कारभारणीची सही घेताना तिला कोणी विचारत नाही. निदान वकील मागताना तरी तिचे नाव पुढे करा.

न्यायाधिकरण काय देते? कर्ज माफ करत नाही, हे आधी सांगतो. बँकेने कायद्याप्रमाणे पावले टाकली का, एवढे ते तपासते. नोटीस चुकली, हरकतीला उत्तर दिले नाही, शेतजमीन धरली, किंमत नियमाने काढली नाही, असे काही दिसले तर बँकेची कारवाई रद्द करून ताबा परत देऊ शकते. तोवर स्थगिती देते, पण बहुधा काही रक्कम भरण्याच्या अटीवर. या कुटुंबाला साडेतीन एकरांवर पूर्ण स्थगिती मिळाली. घर आणि तुकडा यांसाठी तीन लाख दोन हप्त्यांत भरा, असे सांगितले. पहिला हप्ता दोन दुभत्या गाई आणि वहिनींच्या पाटल्या विकून भरला. माझा जीव त्या गाईंसाठी हळहळला. पाटल्यांविषयी वहिनी काही बोलल्या नाहीत, मीही विचारले नाही.

आता थोडे मागे जाऊ. सोलापूर जिल्ह्याला कर्जदाराच्या बाजूने उभे राहणारे न्यायालय नवे नाही. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यात सुपे इथे शेतकऱ्यांनी सावकारांची दप्तरे जाळली. मुख्य राग होता तो कागदांवर. दंगे पुणे आणि नगर जिल्ह्यांत पसरले, सरकारने चौकशी आयोग नेमला आणि १८७९ साली दख्खनच्या शेतकऱ्यांसाठी कर्जनिवारणाचा कायदा आला. तो प्रथम चार जिल्ह्यांना लागू झाला. पुणे, सातारा, नगर आणि आपले सोलापूर. त्या कायद्याने न्यायाधीशाला कर्जरोख्याच्या मागे जाऊन पाहायची मुभा दिली. रोख्यावर पाचशे लिहिले आहेत, पण मुळात दिले किती, व्याज किती चढवले, हे सुरुवातीपासून उकरून हिशेब करायचा आणि मगच हुकूमनामा. हप्ते बांधून देता येत. कर्जापायी शेतकऱ्याला अटक करता येत नसे, आणि स्पष्टपणे गहाण न टाकलेली जमीन विकता येत नसे. सावकार हुशार. त्यांनी गहाणाऐवजी खरेदीखतेच लिहून घ्यायला सुरुवात केली, आणि कित्येकांची रानं त्यात गेली. पुढे १९३९ आणि १९४७ साली मुंबई प्रांतात कर्जनिवारणाचे आणखी कायदे झाले.

आमचे आजोबा ‘दामदुपट’ हा शब्द वापरत. म्हणजे व्याज मुद्दलापेक्षा अधिक वसूल करायचे नाही. आज त्याची सावली एवढीच उरली आहे, की अल्पभूधारकांच्या अल्प मुदतीच्या शेतीकर्जावर एकूण व्याज मुद्दलापेक्षा अधिक लावू नये, असे रिझर्व्ह बँकेने व्यापारी बँकांना सांगून ठेवले आहे. खातेउतारा मागा म्हणतो ते यासाठीच.

मला विचाराल तर तेव्हा न्यायाधीश आधी हिशेब पाही आणि मग जप्ती होई. आता आधी ताबा आणि मग हिशेब. ही उलटी गंगा मला पटत नाही. पण दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. बँकेत पैसा कोणाचा असतो? शिक्षकाची पेन्शन, विधवेची ठेव, तुमच्याच शेजाऱ्याचे ऊसबिल. थकबाकीने बँक बुडाली की ठेवीदार रांगेत उभे राहतात, तेही मी पाहिले आहे. त्यामुळे ऐपत असून कर्ज बुडवणाऱ्याला या लेखातले काही उपयोगी पडावे अशी माझी इच्छा नाही.

सोसायटी आणि पतसंस्थेविषयी लिहितो म्हणालो होतो. तिथे कलम ३१ चे संरक्षण चालत नाही, कारण कायदाच वेगळा. संस्था तालुक्याच्या सहायक किंवा उपनिबंधकाकडे कलम १०१ चा वसुली दाखला मागते, तुम्हाला म्हणणे मांडायची नोटीस येते. त्या तारखेला जा. तिथे गैरहजर राहिलात की दाखला निघतो आणि मग वसुली अधिकारी शेतजमिनीवरही येऊ शकतो. दाखल्याविरुद्ध दोन महिन्यांत विभागीय सहनिबंधकांकडे फेरतपासणी मागता येते, पण त्यासाठी निम्मी रक्कम आधी भरावी लागते. लिलाव झालाच, तर तीस दिवसांत सगळी बाकी आणि खरेदीदारासाठी बोलीच्या पाच टक्के भरून तो रद्द करून घेता येतो.

सरफेसीत मात्र लिलावानंतर अशी सवड नाही, आणि हा फरक पुष्कळांना महागात पडतो. पूर्वी विक्रीपर्यंत पैसे भरून तारण सोडवता येई. २०१६ च्या दुरुस्तीने ती मुदत अलीकडे आणली. लिलावाची जाहिरात प्रसिद्ध होण्याच्या आधी पूर्ण रक्कम भरली तरच हक्क, त्यानंतर नाही. २०२३ साली सर्वोच्च न्यायालयाने यावर शिक्कामोर्तब केले. तेव्हा पाहुणा, भाऊ, कारखाना, कुठून का होईना, रक्कम उभी करायची असेल तर ती जाहिरातीच्या आत करा.

तडजोडीविषयी. एकरकमी परतफेडीची योजना बँकेत असेल तर अर्ज जरूर द्या, लोक अदालतीतही प्रकरण ठेवायला सांगा. पण ती मिळणे हा हक्क नाही, न्यायालय बँकेला तसा हुकूम देऊ शकत नाही, असे डिसेंबर २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले आहे. आणि ठरले ते लेखी घ्या, तारखेसह. लोक अदालतीत सही केली की त्यावर अपील नसते, म्हणून जमेल तोच हप्ता कबूल करा. भिडेपोटी मोठा आकडा बोलू नका.

कर्जमाफीची वाट पाहत बसणाऱ्यांना एकच सांगतो. २००८, २०१७, २०१९ या साऱ्या माफ्या मुख्यतः पीककर्जाच्या होत्या. घर तारण ठेवून नागरी बँकेतून काढलेले मुदतीचे कर्ज त्यात बसले आहे का, हे योजनेचा कागद वाचून ठरवा, पुढाऱ्याचे भाषण ऐकून नको. आणि वसुलीची माणसे रात्री-अपरात्री येऊन दमदाटी करत असतील तर ऐकून घेऊ नका. सकाळी आठच्या आधी आणि संध्याकाळी सातनंतर वसुलीसाठी फोनसुद्धा करायचा नाही, असे रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२२ मध्ये बँकांना बजावले आहे. तारीख-वेळ लिहून ठेवा आणि बँकेकडे लेखी तक्रार द्या.

जामीनदार झालेल्यांनाही तीच नोटीस येते, त्यांचेही साठ दिवस तेच असतात. “मी नुसती सही केली होती” हे उत्तर कुठेच चालत नाही.

सांगोल्याचे ते प्रकरण अजून चालू आहे. दुसरा हप्ता मका विकून आणि थोरल्या जावयाकडून उसने घेऊन भरला. पीकविम्याची रक्कम बँकेच्या हिशेबात राहिली होती, हे बँकेने पुढच्या तारखेला मान्य केले, मागणी तेवढी कमी झाली. घराचे काय होईल ते ठरायचे आहे. गेल्या आठवड्यात गेलो तेव्हा वहिनींनी पेटी दाखवली. आत तारखेप्रमाणे लावलेले कागद, वर मुलीच्या अक्षरात चिठ्ठी, ‘पुढची तारीख’ आणि त्यापुढे दिवस. ई-पीक पाहणी झाली का, विचारले. मुलीनेच केली होती, फोटोसह.

पुढच्या अंकात रब्बी ज्वारीवरच्या खोडमाशीविषयी लिहीन. ज्यांच्याकडे मालदांडी आहे त्यांनी पेरणीची तारीख आणि पोंगे मरण्याचे प्रमाण पत्राने कळवावे.